बेर्सीची पिंपे

पॅरिस नगरीत, सेन नदीच्या उजव्या तीरावर, बेर्सी नामक भाग आहे. १८६० पर्यंत तो वेशीबाहेर असल्याने तेथे साठविलेल्या मद्यास शहराची जकात पडत नसे. ती चुकवून मद्य वेशीत नेण्याचे चोरटे उद्योगही होत. लुई फुइयाद यांनी १९१३ साली ‘फांतोमास’ या मूकपटमालिकेतील गोळीबाराचा प्रसंग याच वखारींतील पिंपांच्या आड चित्रित केला. आम्ही ती जागा पाहावयास गेलो, तो तेथे उद्यान! एका कोपऱ्यात द्राक्षवेली आणि फरसबंदीत जुने रूळ, अशा काही खुणा उरल्या आहेत. चोर-पोलिसांच्या ज्या खेळास सुज्ञांनी उथळ म्हणून नाक मुरडले, त्यानेच ते नाहीसे झालेले पॅरिस आम्हांसाठी जपून ठेविले आहे.