सैनिकाचा पिता

जॉर्जियन भाषेत आईला ‘देदा’ आणि वडिलांना ‘मामा’ म्हणतात, हे आम्हांस पन्नाशी उलटल्यावर कळले. सुटीत आलेल्या भाच्याने घरी एक जुना चित्रपट दाखविला. नाव ‘जारिसकात्सिस मामा’. “कोणाचा मामा?” असे सौभाग्यवतींनी विचारले. मामा नव्हे, सैनिकाचा पिता!

१९६४ सालच्या या चित्रपटाचे दिग्दर्शक रेझो च्खेइद्झे. पित्याच्या भूमिकेतील सेर्गो झाकारियाद्झे (१९०९–१९७१) हे त्बिलिसीच्या रंगभूमीवरील थोर नट. या भूमिकेसाठी १९६५ च्या मॉस्को महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचे पारितोषिक मिळाले. पुढे १९७० च्या ‘वॉटर्लू’मध्ये प्रशियाचा सेनापती ब्ल्यूखर त्यांनीच रंगविला, पण जगाच्या लक्षात राहिला तो नेपोलियन झालेला रॉड स्टायगर.

कथा साधी आहे. काखेती प्रांतातील द्राक्षबागाईतदार गिओर्गी जखमी मुलाला पाहण्यासाठी रुग्णालयात जातो. मुलगा बरा होऊन आघाडीवर परतलेला असतो. म्हातारा घरी न फिरता हट्टाने सैन्यात शिरतो आणि थेट जर्मनीपर्यंत पोहोचतो. वाटेत त्याची रशियन भाषा अडखळते, माया अडखळत नाही. आपल्याच सैन्याचा एक तरुण रणगाडा घेऊन द्राक्षवेली चिरडत निघालेला पाहताच तो आडवा येतो आणि त्याला खडसावतो. वेल शत्रूच्या भूमीतली असली तरी ती वेलच, हे शेतकऱ्याला शिकवावे लागत नाही. अखेर लढाई चाललेल्या एका इमारतीत वरच्या मजल्यावरून मुलाचा आवाज ऐकू येतो. भेट होते, परंतु मुलगा बापाच्या मिठीतच प्राण सोडतो.

झाकारियाद्झे तेव्हा पंचावन्न वर्षांचे, म्हणजे आमच्याच वयाचे होते. त्यांची जड चाल, दाट मिशा, प्रत्येक जवानाच्या चेहऱ्यात मुलाला शोधणारी नजर पाहताना हा अभिनय आहे, याचा आम्हांस विसर पडला.

आमचे चिरंजीवही सैन्यात आहेत. परमुलखात राहून घरचे मराठी शुद्ध राहावे म्हणून त्यांचा मजकूर तपासण्याची आम्हांस खोड आहे. सीमेवरून त्यांनी भ्रमणध्वनीवर कळविले होते, ‘काळजि करु नका.’ आम्ही उत्तर धाडले होते, ‘काळजी, करू. दोन्ही दीर्घ.’ एवढेच. तो कसा आहे, हे विचारावयाचे राहूनच गेले होते.

चित्रपट संपल्यावर तो निरोप पुन्हा वाचला आणि आमची आम्हांसच लाज वाटली. मध्यरात्र होती, तरी लिहिले, ‘बाळा, सुखरूप आहेस ना? जेवतोस ना वेळेवर?’

सकाळी उत्तर आले, ‘मि बरा आहे बाबा.’

तो ऱ्हस्व ‘मि’ आम्ही तसाच राहू दिला.