शोकाची संहिता

जूझो इतामी (१९३३–१९९७) दिग्दर्शक म्हणून परिचित आहे. मला मात्र त्याच्यातला निबंधकार आणि नट अधिक मोलाचा वाटत आला आहे. सासऱ्यांच्या अंत्यविधीच्या अनुभवातून त्याने १९८४ साली, पन्नाशी उलटल्यावर, ‘ओसोशिकी’ लिहिला व दिग्दर्शित केला. त्यातले दांपत्य व्यवसायाने नट-नटी. तरी शोकाचे शिष्टाचार ते व्हिडिओफीत पाहून पाठ करते. शोकही संहितेबरहुकूम! हे हास्य विधीची टवाळी करीत नाही. दुःखाला आकार यायचा तर अभिनय लागतोच, हे ते जाणते. वडिलांच्या दहाव्याला घाटावर मी गंभीर मुद्रा कशी सांभाळली होती, हे चित्रपट पाहताना मला आठवत राहिले. ‘मिन्बो’त (१९९२) मात्र रोख थेट याकुझांवर होता. प्रदर्शनानंतर आठवड्याभरातच त्यांनी इतामीवर सुऱ्यांनी हल्ला केला. वार झाले ते नटाच्या चेहऱ्यावर.