मिठातली तंबाटी

गेले दोन वीकेंड इथे काही लिहिणं झालं नाही. ऑफिसात रिलीज होतं, आणि रिलीज आलं की शनिवार-रविवार कॅलेंडरवर नुसते छापलेले असतात. या शनिवारी मात्र सुटलो. गावाकडून पिशवी आली होती. वर मेथी, मग शेंगा आणि तळाला सात-आठ तडकलेले टोमॅटो. म्हटलं चला, आज आई करते तशी मिठातली तंबाटी करू.

नाव ऐकून फार अपेक्षा ठेवू नका. ही एक कोशिंबीरच आहे, फक्त दही नाही आणि घाई चालत नाही. आमच्याकडे टोमॅटोला तंबाटं म्हणतात, वऱ्हाडात भेदरं म्हणतात. पुण्यात आल्यावर मी टोमॅटो म्हणायला शिकलो, पण या पदार्थाला मात्र अजून तंबाटीच तोंडात येतं.

कृती सांगतो. पाच-सहा पिकलेले पण घट्ट टोमॅटो घ्या. बारीक चिरू नका, एकाच्या आठ फोडी पुरे. बिया आणि त्याभोवतीचा बुळबुळीत गर टाकून द्यायचा नाही. चवीचा बराचसा ऐवज (ग्लुटामेट म्हणतात तो) त्या गरातच जास्त असतो. दोन हिरव्या मिरच्या, तीन-चार लसणाच्या पाकळ्या, थोडं जिरं आणि पाऊण चमचा मीठ खलबत्त्यात भरड कुटायचं आणि फोडींना हलक्या हाताने चोळायचं. चिमूटभर साखर. पळीभर शेंगदाण्याच्या तेलात मोहरी आणि हिंगाची फोडणी करायची, ती कोमट होऊ द्यायची आणि मग वरून ओतायची. कोथिंबीर. वर ताट झाकायचं आणि अर्धा-पाऊण तास त्याच्याकडे बघायचं नाही. दाण्याचं कूट घालायचं असेल तर अगदी वाढताना, नाहीतर ते सगळं पाणी पिऊन टाकतं.

या अर्ध्या तासात काय होतं? मीठ फोडींमधलं पाणी बाहेर ओढतं. त्या पाण्यात मिरची, लसूण, तेल उतरतं आणि फोडी तेच पाणी अंगाला लावून बसतात. शाळेत ऑस्मोसिस शिकलो होतो, त्याचा आयुष्यात झालेला एवढाच उपयोग :-) ताट काढलं की तळाला लालसर पाणी साठलेलं असतं. आमच्या घरी त्या पाण्यावर अण्णांचा हक्क. ते त्यात बाजरीची भाकरी कुस्करायचे आणि आम्ही भावंडं बघत बसायचो.

एक सूचना. टोमॅटो फ्रीजमधून काढून लगेच हे करू नका, खरं तर टोमॅटो फ्रीजमध्ये ठेवूच नका. थंडीने त्याचा वास मरतो. २०१६ साली फ्लॉरिडा विद्यापीठातल्या संशोधकांनी दाखवलं की गारठ्यात वास तयार करणारी जनुकं मंदावतात, आणि फळ बाहेर काढलं तरी त्यातली काही पूर्ववत होत नाहीत. आईला हे जनुकांशिवाय माहीत होतं. तिच्याकडे फ्रीज नव्हता.

आता हा पदार्थ आमच्या घरी का, ते सांगायला हवं. आमचं गाव आंबेगाव तालुक्यात, कळंबजवळ, घोड नदीच्या काठाला. डिंभे धरण झालं आणि आमच्या भागात बारमाही पिकं आली. पुणे-नाशिक रस्त्याने थोडं पुढे गेलं की जुन्नर तालुक्यातलं नारायणगाव. तिथला टोमॅटोचा बाजार तुम्ही सीझनला पाहिला नसेल तर एकदा पाहाच. पिकअप आणि ट्रॅक्टरच्या रांगा, आणि जिकडे बघावं तिकडे कॅरेट. (प्लास्टिकच्या क्रेटला आमच्याकडे कॅरेटच म्हणतात. एकात साधारण वीस किलो माल.) या कॅरेटमध्ये चालतो तो माल एकसारखा, कडक सालीचा, अर्धा पिकलेला. झाडावर लाल झालेला, पावसाने तडकलेला टोमॅटो व्यापारी घेत नाही. तो घरी येतो. म्हणजे आम्ही लहानपणी खाल्ले ते सगळे नापास टोमॅटो, आणि खरं सांगायचं तर चवीला तेच सगळ्यात चांगले.

हे सगळं आठवायचं कारण २०२३.

त्या वर्षी मार्च-एप्रिलमध्ये भाव पार पडले होते. तोडणीची मजुरीसुद्धा निघेना, म्हणून लोक माल तसाच सोडून देत होते. अण्णा एकरभर नवीन लागण करणार होते, नर्सरीत रोपंही सांगून ठेवलेली. मी तेव्हा नुकताच डेटा अ‍ॅनालिटिक्सचा एक कोर्स केला होता, त्यामुळे अंगात वारं होतं. एका रविवारी बसून एक्सेल शीट केलं. रोपं, मल्चिंग पेपर, ड्रिप, बांबू, तार, सुतळी, औषधं, बांधणी, तोडणी, सगळे कॉलम. शेजारी मागच्या काही वर्षांचे भाव, त्यांची सरासरी, रंगीत ग्राफ. फोन केला, "अण्णा, यंदा लावू नका. आकडे स्पष्ट आहेत." ते थोडा वेळ गप्प होते. मग म्हणाले, "बरं. तू शिकलेला आहेस." रोपं रद्द झाली. विहिरीकडेला फक्त चार ओळी लावल्या, घरच्यापुरत्या.

पुढचं तुम्हाला माहीतच आहे. जुलैमध्ये देशभर टोमॅटो शंभरीपार गेला, काही शहरांत दोनशेवर. दिल्लीत केंद्र सरकारला एनसीसीएफ आणि नाफेडमार्फत स्वस्त टोमॅटो विकायला गाड्या लावाव्या लागल्या. नारायणगावला चांगल्या मालाचं कॅरेट दोन हजारांच्या वर गेलं. जुन्नरच्या शेतकऱ्यांच्या बातम्या टीव्हीवर. कोणी बंगला बांधणार, कोणी ट्रॅक्टर घेणार. मी ऑफिसात बसून एकरी कॅरेट गुणिले दोन हजार केलं आणि लॅपटॉप बंद केला.

फोन करायची हिंमत होईना. शेवटी पाचव्या-सहाव्या दिवशी केला. अण्णा म्हणाले, "पुण्यात पाऊस आहे का?" बस, एवढंच.

त्या शनिवारी गावी गेलो. दुपारी जेवायला बसलो तर आईने परातीएवढ्या ताटाखालून मिठातली तंबाटी काढली. विहिरीकडच्या चार ओळींतली. मला घास गिळेना. म्हटलं, "अण्णा, निदान ही तरी विकायची होती." ते म्हणाले, "चार ओळींची तंबाटी घेऊन कुठं बाजारात मिरवू? खा गप." आणि वाटी माझ्याकडे सरकवली. तळाच्या पाण्याची. आयुष्यात पहिल्यांदा.

मग मीच न राहवून म्हणालो, "आता तरी दोन एकर लावा. भाव आहे." ते हसले. "आता समदेच लावतील," म्हणाले. नाही लावली. सप्टेंबरमध्ये भाव इतके कोसळले की लोकांनी पुन्हा माल रस्त्यावर ओतला.

माझं शीट मी नंतर कितीदा तरी उघडून पाहिलं. एकही फॉर्म्युला चुकलेला नव्हता. बग वेगळाच होता. एप्रिलमध्ये पडलेला भाव बघून माझ्यासारखाच हिशेब हजारो घरांत झाला होता, आणि त्या सगळ्यांनी हात आखडला म्हणून (शिवाय रोगराई आणि पाऊस) जुलैत माल नव्हता. जुलैचा भाव बघून पुन्हा सगळ्यांनी एकच हिशेब केला, म्हणून सप्टेंबरात मालच माल. माझ्या शीटमध्ये भाव होते, खर्च होता, पण माझ्यासारखं शीट करणारी इतर माणसं नव्हती. अण्णांच्या हिशेबात ती होती.

मागच्या दिवाळीत एकदा धीर करून त्यांना हे सांगितलं, माफीही मागितली. ते म्हणाले, "एप्रिलात मला तरी कुठं माहीत होतं? तुझं ऐकायचं का नाही, ते मीच ठरवलं ना. कांदा वळईत ठेवता येतो, गहू कणगीत ठेवता येतो. तंबाटं थांबत नाही. मग माणसाला घाई होते."

मी त्यावर बराच विचार केला. तोडलेला टोमॅटो चार-सहा दिवसांत विकला तर पैसा, नाहीतर खत. त्याला थांबवायची ताकद ना अण्णांकडे, ना माझ्या शीटकडे. आमच्या घरात टोमॅटो थांबायचा तो फक्त आईच्या ताटाखाली, अर्धा तास. आणि थांबून वाईट होण्याऐवजी चांगला व्हायचा.

असो. आजची तंबाटी बरी झाली. मीठ किंचित जास्त पडलं. बायकोने फोडी खाल्ल्या, मुलगी तिखट म्हणून पळाली. तळाचं पाणी वाटीत काढून ठेवलं आणि अण्णांना फोन केला. म्हणाले, यंदा अर्धा एकर लावायचं मनात आहे, "तुझं शीट काय म्हणतंय?" म्हटलं, खर्च किती येईल ते सांगतं, भावाचा कॉलम मी काढून टाकलाय.

"बरं केलंस," म्हणाले, आणि पुण्यातल्या पावसाची चौकशी केली.