सांगोल्याचे डाळिंब आणि पाण्याचा हिशेब

पंढरपूर सोडून सांगोल्याच्या वाटेला लागले की भीमाकाठचा ऊस हळूहळू विरळ होतो. काळी जमीन संपून मुरमाड माळ दिसू लागतो आणि रस्त्याच्या दोन्ही अंगांना डाळिंबाच्या सरळ ओळी सुरू होतात. साधारणपणे दोन ओळींत पंधरा फूट आणि दोन झाडांत दहा फूट अंतर, म्हणजे एकरी सुमारे तीनशे झाडे. प्रत्येक झाडाच्या बुडाशी ठिबकची काळी नळी. माण नदीचे पात्र वर्षातील बराच काळ कोरडे, पावसाची सरासरी पाचशे मिलिमीटरच्या आसपास. अशा भागातील फळ दुबई व युरोपच्या बाजारात जाते आणि 2016 मध्ये सोलापूरच्या डाळिंबाला भौगोलिक मानांकनही मिळते, याचे नवख्या प्रवाशास आश्चर्य वाटते. जाणकारास वाटत नाही. डाळिंबाचा स्वभावच मुळी कोरड्या प्रदेशाचा आहे.

या झाडाचे मूळ घर इराण आणि त्याच्या आसपासचा मुलूख. ज्या कंदहारचे नाव आपल्या बाजारात पिढ्यान्‌पिढ्या डाळिंबाशी जोडले गेले, तेथील बागा अर्गंदाब नदीच्या खोऱ्यात आहेत. तेथे हिवाळ्यात कडाक्याची थंडी पडते, झाड सारी पाने टाकून निजते. वसंतात डोंगरावरचे बर्फ वितळू लागते, नदी भरते, पाटांनी पाणी बागेत येते आणि झाड फुलते. उन्हाळा कोरडा असल्याने रोगराई कमी, आणि शरद ऋतूत फळ तयार. झाडाला विश्रांती कधी द्यायची हे तेथे ऋतूच ठरवतो.

याच्या अगदी उलट कोकण. पाणी उदंड, परंतु हवेत दमटपणा आणि पावसाळ्यात महिनोन्‌महिने ओली पाने. तेथील परसात डाळिंबाचे झाड हिरवेगार वाढते, फुलतेही, पण फळावर डाग पडतात, ते कुजते. नारळ-सुपारीला जे पाणी मानवते, तेच या झाडाला बाधते.

सांगोल्यात थंडी कंदहारइतकी नाही आणि पाऊस कोकणासारखा नाही. झाड येथे बारमाही हिरवे राहू शकते, वर्षभर थोडेथोडे फुलत राहते. असे तुरळक फळ व्यापाराच्या कामाचे नसते. म्हणून जी विश्रांती तेथे हिमामुळे मिळते, ती येथे शेतकरी पाणी तोडून देतो. यालाच ‘ताण देणे’ म्हणतात. हलक्या जमिनीत चार-पाच आठवडे, भारी जमिनीत त्याहून अधिक काळ पाणी बंद. पाने पिवळी पडून गळतात, काड्यांत अन्नसाठा होतो. मग हलकी छाटणी, खत आणि पहिले पाणी, तेही बेताचेच. एकदम भरपूर पाणी दिले तर फूल कमी आणि पालवी फार, असे होते.

ताण केव्हा द्यायचा, हा शुद्ध व्यवहाराचा प्रश्न आहे. आंबे बहाराची फुले जानेवारी-फेब्रुवारीत येतात. हवा कोरडी, म्हणून रोग कमी, परंतु फळ भर उन्हाळ्यात पोसावे लागते, तेव्हा पाण्याची खात्री हवी. मृग बहाराचा ताण एप्रिल-मेमध्ये. विहिरी तेव्हा आटलेल्याच असतात, त्यामुळे तो आपोआप बसतो, मात्र पावसाळी हवेत तेल्या रोगाची टांगती तलवार असते. हस्त बहाराचे फळ फेब्रुवारीनंतर, बाजारात आवक थोडी असताना येते आणि भाव चांगला मिळतो, पण त्यासाठी ताण ऐन पावसाळ्याच्या अखेरीस द्यायचा असतो. पाऊस लांबला की सारा बेत फसतो. अधिक भाव तेथे अधिक जोखीम, हा पेढीवरचा नियम बागेतही चुकत नाही.

फळ भरत आल्यावर पाण्याचा नेम मोडला, की नुकसान डोळ्यांदेखत होते. काही दिवस कोरड पडली तर साल ताठर होते. मग अचानक पाणी मिळाले की आतले दाणे फुगतात आणि साल तडकते. तडकलेले फळ अडतीवर कोणी हाती धरत नाही.

अलीकडच्या वर्षांत या भागाने मोठा फटका सोसला आहे. 2020 च्या ऑक्टोबरात जिल्ह्यात अतिवृष्टी झाली. पाणी साचलेल्या जमिनीत मुळे गुदमरतात, मर रोगास वाव मिळतो. त्यातच खोडाला बारीक छिद्रे पाडणारा भुंगेरा पसरला आणि उभ्या बागा वाळल्या. कित्येकांना हाताने लावलेली झाडे हातानेच उपटावी लागली. बाग उपटता येते, तिच्यावरील कर्ज उपटता येत नाही. शेततळ्याचे आणि ठिबकचे हप्ते झाड नसतानाही चालूच राहतात.

तरीही माळावर पुन्हा लागवडी होताना दिसतात. सोलापुरात 2005 पासून राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र आहे. जाणते बागाईतदार आता उंच गादीवाफ्यावर रोप लावतात, निचऱ्याकडे आधी पाहतात, शेततळे भरलेले असले तरी नळीचा कॉक जमिनीतली ओल पाहूनच उघडतात. दुष्काळात पाणी जपून वापरणे सर्वांनाच भाग पडते. तळे तुडुंब असताना हात आवरणे कठीण, आणि या झाडाचे आयुष्य त्या आवरण्यावर अवलंबून आहे.