काळाचा झाडूवाला

रात्री टेरी प्रॅचेटची ‘थीफ ऑफ टाइम’ पुन्हा काढली. 2001 ची कादंबरी. डोंगरातल्या मठात काळ सांभाळणाऱ्या भिक्षूंचा गुप्त संघ आहे. काळ वाया जातो तिथून काढायचा, तुटवडा असेल तिथे सोडायचा, हा त्यांचा उद्योग. समुद्राच्या तळाशी तो पडूनच असतो. माशांना तो हवाय कशाला? शहरात मात्र कुणालाच पुरत नाही. मठात त्यासाठी मोठमोठे दंडगोल गरगर फिरतात, काळ गुंडाळतात, सोडतात. कालव्याच्या पाण्याच्या पाळ्याच म्हणा ना!

मला भावतो तो लू-त्झे. संघातला सगळ्यांत तरबेज माणूस, पण काम झाडलोटीचं. हातात झाडू असला की कुणी मान वर करून बघत नाही, कुठेही शिरता येतं. (हे कुठल्याही कचेरीत पडताळून बघा.) काळावर हुकमत असलेला जादूगार म्हटलं की दाढी, झगा, मंत्र आठवतात; प्रॅचेटने इथे ते सगळं निकालात काढलं. आणि कादंबरीत जग थांबतं कशाने? एका घड्याळजीच्या अतिअचूक काचेच्या घड्याळाने!

2007 मध्ये प्रॅचेटला अल्झायमर असल्याचं निदान झालं. टाइप करणं जमेना, तेव्हा तो तोंडी मजकूर सांगू लागला. 2015 मध्ये, 66 व्या वर्षी तो गेला, तोवर पुस्तकं येतच होती.