आधी पाणी, मग तेल

दिवाळीच्या सुमारास हवा कोरडी पडू लागते आणि लातूरच्या माझ्या दवाखान्यातल्या बाकांवर गाल लाल झालेली, पोटऱ्या खरखरीत झालेली तान्ही बाळं दिसू लागतात. आयांचा पहिला प्रश्न ठरलेला असतो, "मॅडम, साबण कोणता वापरू?" मी आधी विचारते, आंघोळ कोण घालतं आणि तेल कधी लावतं? उत्तर बहुतेक घरांत सारखंच असतं. मावशी येतात, तेलानं मालीश करतात, मग डाळीच्या पिठानं ते तेल काढतात, वर चांगलं कढत पाणी आणि शेवटी पावडर. लहान मुलांच्या त्वचेवर इतकी वर्षं काम केल्यावर माझं म्हणणं थोडक्यात असं आहे, की आपल्या आंघोळीत तेल आहे ही फार मोलाची गोष्ट आहे, फक्त त्याची जागा बदलायला हवी. ते आंघोळीच्या शेवटी यायला हवं.

बाळाची त्वचा मऊ लागते, कारण ती पातळही असते. तिचा सर्वांत वरचा थर मोठ्या माणसाच्या तुलनेत सुमारे ३० टक्के पातळ असतो. हा थर विटांच्या भिंतीसारखा असतो. पेशी या विटा आणि त्यांच्यामधली स्निग्ध द्रव्यं हा चुना. चुना धुतला गेला की आतलं पाणी उडून जातं आणि बाहेरचं काहीही आत शिरतं. काही मुलांची भिंत जन्मतःच कच्ची असते. २००६ साली स्कॉटलंडमधल्या डंडी विद्यापीठातले अर्विन मॅक्लीन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दाखवून दिलं, की 'फिलॅग्रिन' या प्रथिनाचं जनुक सदोष असेल तर इसब, म्हणजे एक्झिमा, होण्याचा धोका बराच वाढतो. या प्रथिनाचे तुकडे होऊन जे घटक तयार होतात, तेच वरच्या थरात पाणी धरून ठेवतात.

दुसरी गोष्ट त्वचेच्या आम्लतेची. जन्माच्या वेळी बाळाच्या त्वचेचा सामू जवळजवळ पाण्यासारखा उदासीन असतो. पुढच्या काही दिवसांत-आठवड्यांत तो साडेपाचच्या आसपास उतरतो, त्वचेवर हलकं आम्ल कवच तयार होतं. त्वचेतली स्निग्ध द्रव्यं तयार करणारी विकरं या आम्लतेतच नीट काम करतात, आणि इसबात उच्छाद मांडणाऱ्या स्टॅफिलोकॉकस जंतूंना ती मानवत नाही.

वडीचा खरा साबण अल्कधर्मी असतो, सामू नऊ ते दहाच्या घरात. हे रसायनशास्त्र वेष्टनावर हसरं बाळ छापल्यानं बदलत नाही. हल्ली पालक 'टीएफएम ७६ टक्के' हा आकडा पाहून वडी निवडतात. तो आकडा वडीत साबणाचे स्निग्ध घटक किती आहेत एवढंच सांगतो, वडी किती सौम्य आहे हे सांगत नाही. ७६ टक्क्यांची उत्तम वडीसुद्धा अल्कधर्मीच असते. साबण लागणारच असेल तर बिनवासाची, साडेपाच सामूची सिंडेट वडी (म्हणजे खऱ्या साबणाऐवजी कृत्रिम स्वच्छकाची वडी) किंवा तसाच द्रव घ्यावा. तोही मानेच्या वळ्या, काखा, जांघा आणि शीची जागा एवढ्यापुरताच. रांगायलाही न लागलेल्या बाळाच्या पोटावर, पाठीवर, पायांवर पाण्यानं न जाणारं असतं तरी काय? पाण्यात जंतुनाशकाचं झाकण ओतण्याची सवय तर पूर्ण सोडावी. त्यानं निरोगी त्वचेची आग होते आणि फायदा काही होत नाही.

मागच्या हिवाळ्यात एका चार महिन्यांच्या बाळाच्या घरी मी मुद्दाम आंघोळीच्या वेळी गेले. मालीशवाल्या मावशी पाय लांब करून पाटावर बसल्या आणि बाळ त्यांच्या पोटऱ्यांवर पालथं. कोमट खोबरेल तळहातावर घेऊन मणक्याच्या दोन्ही बाजूंनी त्यांचा हात असा काही सरकत होता, की बाळ डोळे मिटून निवांत पडलं होतं. तिथवर सगळं उत्तम. मग वाटी आली, हरभऱ्याच्या डाळीचं पीठ सायीत कालवलेलं. ते पाठीवर, दंडांवर चोळलं. कपाळाची आणि खांद्यांची लव जावी म्हणून कणकेचा गोळा फिरवला, तेव्हा बाळानं पहिल्यांदा टाहो फोडला. बंबातल्या पाण्यात विसण जेमतेम घातलेलं. दोन तांबे पडताच पाठ लालबुंद. मग खसाखसा पुसणं, ओव्याची धुरी, पावडर. बाळाचे गाल, दंड, नडग्या भेगाळलेल्या होत्या, पण लंगोटाखालची त्वचा अगदी नितळ. तान्ह्या वयातल्या इसबात हे नेहमी दिसतं. जिथं ओल टिकते आणि कुणी फार चोळत नाही, ती जागा शाबूत राहते.

मी म्हटलं, "मावशी, हात तुमचाच राहू द्या. फक्त पीठ थांबवू आणि तेल शेवटी घेऊ."
"मग तेलाचा ओशटपणा जायचा कसा?"
"तो जायलाच नको."
बाळाच्या आजींना ते पटायला वेळ लागला. त्यांचा सगळा जीव नातवाच्या स्वच्छतेत होता आणि त्या जिव्हाळ्याला धक्का लावायचं मला कारण नव्हतं. बाळाच्या गालांवर काही दिवस सौम्य स्टेरॉइड मलम द्यावं लागलं. भडकलेलं इसब केवळ आंघोळ बदलून जातं असं मी कुणालाही सांगत नाही. पण आंघोळ बदलल्याशिवाय मलमाचा उपयोग टिकत नाही, हे मात्र ठामपणे सांगते.

पिठाला माझा विरोध केवळ घर्षणासाठी नाही. २००३ साली ब्रिटनमधल्या गिडिऑन लॅक यांच्या गटानं शेंगदाण्याच्या ॲलर्जीचा माग काढला, तेव्हा इसबाच्या त्वचेवर शेंगदाणा तेल असलेली मलमं लावलेल्या मुलांत ती ॲलर्जी जास्त आढळली. त्यातून आणि पुढच्या संशोधनातून एक विचार पक्का होत गेला. अन्न तोंडावाटे पोटात गेलं तर शरीर ते आपलं मानायला शिकतं, फुटलेल्या त्वचेतून शिरलं तर त्याला शत्रू समजू शकतं. जपानमध्ये चेहरा धुण्याच्या एका साबणात गव्हाचं विघटित प्रथिन होतं. तो वापरणाऱ्या दोन हजारांहून अधिक लोकांना गव्हाची ॲलर्जी जडली, आणि २०११ मध्ये तो बाजारातून परत घ्यावा लागला. ही मोठी माणसं होती, तोवर गव्हाचे पदार्थ सुखानं खाणारी. मग भेगाळलेल्या दंडांवर डाळ, कणीक आणि दुधाची साय चोळताना आपण नेमकं काय करतो, याचा विचार व्हायला हवा. लव तर काही आठवड्यांत आपोआप गळते. रंग ठरतो तो आईवडिलांकडून आलेल्या जनुकांनी, हळद-सायीनं नव्हे. नातीचा रंग उजळावा म्हणून तिला घासणाऱ्या घरांत मी हे जरा आवाज चढवूनच सांगते.

आमच्याकडे पाण्याचाही प्रश्न विचारतात. लातूरला २०१६ च्या उन्हाळ्यात मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं होतं. एरवीही बोअर आणि टँकरचं जड पाणी अनेकांच्या वाट्याला येतं. जड पाण्यात साबणाचा फेस होत नाही, म्हणून साबण जास्त लागतो आणि त्याचा चोथा अंगावर बसतो. म्हणून पाणी मऊ करणारं यंत्र घ्यावं का? इंग्लंडमध्ये इसब असलेल्या ३३६ मुलांवर हा प्रयोग झाला. २०११ साली निकाल आला, नेहमीच्या उपचारांपेक्षा यंत्रानं जास्त गुण आला नाही. आंघोळीच्या पाण्यात घालायच्या महागड्या तेलांचंही तसंच. २०१८ च्या 'बेद' (BATHE) नावाच्या ब्रिटिश अभ्यासात ४८३ मुलं होती आणि त्या तेलांचा म्हणण्यासारखा फायदा दिसला नाही. ते पैसे वाचवा. जड पाण्यावर सोपा उपाय म्हणजे साबण कमी करणं.

आणि रोज आंघोळ? घालावी. इसबाच्या मुलांना पाणी लावू नका असं पूर्वी सांगत. आज ते मत मागे पडलं आहे. ब्रिटनमध्ये रोजची आंघोळ आणि आठवड्यातून एक-दोनदा आंघोळ यांची तुलना झाली, तेव्हा इसबात फरक पडला नाही. पाच ते दहा मिनिटं पुरेत, शरीराच्या उष्णतेइतकं कोमट पाणी, अर्धी बादली. बादलीत आधी गार पाणी घ्यावं, मग गरम. उलट केलं आणि मूल मध्येच हात घालून बसलं तर भाजतं. मऊ पंचानं अंग टिपावं, चोळू नये. आणि अंगावर थोडी ओल असतानाच, दोन-तीन मिनिटांत, तेल किंवा बिनवासाचं मलम लावावं. त्या थरानं आत शिरलेलं पाणी आतच राहतं. आंघोळीआधी मालीश करायची परंपरा मोडायची गरज नाही, फक्त ते तेल खरवडून काढू नये आणि शेवटचा हात तेलाचाच असावा.

तेल कोणतं? इथे मराठवाड्याकडे अभिमानानं सांगण्यासारखं काही आहे. आमच्या शेतातल्या करडईत लिनोलेइक आम्ल भरपूर असतं आणि त्वचेचा तो चुना बनवायला तेच लागतं. पुण्याच्या केईएम रुग्णालयात नवजात बाळांना करडईच्या आणि खोबऱ्याच्या तेलानं मालीश करून रक्त तपासलं गेलं. २००५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात करडईच्या गटात रक्तातली आवश्यक मेदाम्लं वाढलेली आढळली. म्हणजे त्वचेवरचं तेल आत जातं, म्हणून ते खाण्याच्या दर्जाचं, भेसळ आणि वास नसलेलं हवं. त्याच वर्षी ढाक्यातल्या अपुऱ्या दिवसांच्या बाळांमध्ये सूर्यफूल तेलानं जंतुसंसर्ग कमी झाल्याचं प्रसिद्ध झालं. खोबरेल आमच्या हवेत चालतं. कोकणातल्या दमट उन्हाळ्यात जाड थर देऊ नये, घामोळं येतं. मोहरीचं आणि ऑलिव्हचं तेल मी नको म्हणते, दोन्हींमुळे त्वचेची तटबंदी कमजोर होते. मात्र तेल लावलं की इसब होणारच नाही, असंही नाही. १,३९४ बाळांच्या ब्रिटिश अभ्यासात पहिलं वर्षभर रोज मलम लावूनही इसबाचं प्रमाण कमी झालं नाही, हे २०२० साली समजलं. तेल कोरडेपणा आवरतं, आणि तेवढ्यासाठीच लावायचं.

नुकत्याच जन्मलेल्या बाळाची पहिली आंघोळ निदान २४ तास लांबवावी, असं जागतिक आरोग्य संघटना सांगते. अंगावरचा पांढरा थर पुसून काढू नये, तो जन्मजात मलमच आहे. पावडर नको, ती श्वासात जाते. धुरीही नको.

राहिलं दिवाळीचं अभ्यंगस्नान. उटण्याच्या अनेक पुड्यांत बावची असते. तिच्यात सोरॅलेन असतं, जे आम्ही कोडावर उन्हासोबत औषध म्हणून वापरतो, आणि वापरताना फार जपतो. ते अंगावर राहिलं आणि मूल किल्ला बघत उन्हात बसलं, तर त्वचा भाजल्यासारखी होऊन काळे डाग पडू शकतात. पुडीवरची यादी वाचा. बावची, संत्र्याची साल, कृत्रिम सुगंध असेल तर पाच वर्षांखालच्या मुलाला ते उटणं नको. साधं असेल तर चिमूटभर, पाण्यात कालवून, तळहात-तळपायांना लावून लगेच धुवा. इसब असेल तर तेही नको. औक्षण करा, तेल लावा, कोमट पाणी घाला आणि टिपून झाल्यावर पुन्हा तेल लावा. नवे कपडे आणल्या दिवशीच एकदा धुऊन ठेवा, कोऱ्या कपड्याची खळ खाजते. जरीचं झबलं घालायचंच असेल तर आत जुना, बऱ्याच धुण्यांनी मऊ झालेला सुती बनियन घाला.