श्वास आणि शंका

देवळात कौल लावताना लोक किती नीट बघतात! गुरवाने ओल्या कळ्या पाषाणाला चिकटवल्या की सभामंडपात कुणी बोलत नाही. उजवीकडची सुटते की डावीकडची, याकडे सगळ्यांचे डोळे. कळी पडते आणि लगेच कुणीतरी म्हणते, "देवान कौल दिल्यान." कळी पडलेली सगळ्यांनी पाहिली. देव बोलला, हे मात्र आपण त्या पडण्याला जोडले. हे दोन क्षण वेगळे धरता येतात का, हा प्रश्न मला गुरवापेक्षा ध्यानाला बसणाऱ्यांना विचारावासा वाटतो. मीही त्यांच्यातला आहे.

*

वेंगुर्ल्याच्या बंदरावर सकाळी बसलो की श्वासाकडे लक्ष देतो. थोड्या वेळाने खांदे सैल होतात. हे खरे आहे, मला कुणी पटवून द्यावे लागत नाही. "जुने संस्कार वर येऊन निघून गेले" हे मात्र खांद्यात जाणवत नाही. ते कुणीतरी शिकवलेले असते. अनुभव माझा, उपपत्ती परंपरेची. उपपत्ती कदाचित बरोबरही असेल, पण माझे सैल झालेले खांदे तिचा पुरावा होत नाहीत.

*

इगतपुरीच्या धम्मगिरीवर 1976 पासून विपश्यनेची शिबिरे चालतात. दहा दिवस आर्य मौन, पहाटे चारची घंटा, फी नाही. ही साधना शिकवणाऱ्या सत्यनारायण गोएंकांची अट अशी की या दहा दिवसांत दुसरी साधना मिसळू नका, विधीला पुरती संधी द्या. मला ही अट रास्त वाटते. प्रयोग अर्ध्यात मोडला तर काहीच कळत नाही. मात्र अकराव्या दिवशी घरी येणाऱ्याने आपले सगळे प्रश्न बरोबर आणावेत.

*

पाली वाङ्मयात शंकेबद्दल दोन गोष्टी शेजारी-शेजारी आहेत. ध्यानाच्या आड येणाऱ्या पाच नीवरणांत विचिकित्सा, म्हणजे शंकाच, शेवटची. आणि केसपुत्त गावच्या कालाम लोकांना बुद्ध सांगतात की शंका घेण्याजोग्या ठिकाणी तुम्ही शंका घेतलीत, हे योग्यच; परंपरा आहे, ग्रंथात आहे, आपला गुरू सांगतो, एवढ्यावरून मानू नका. मी याचा अर्थ असा लावतो: बसल्या जागी दर मिनिटाला चुळबुळ करायला लावते ती पहिली, उठल्यावर विचार करायला लावते ती दुसरी.

कालामांचे हे सूत्र हल्ली अर्धेच सांगतात, "स्वतःचा अनुभव हाच प्रमाण" असे. सूत्रात सुज्ञ लोक कशाला दोष देतात, कशाची वाखाणणी करतात, तेही तपासायला सांगितले आहे. एकट्याचा अनुभव पुरेसा धरलेला नाही.

*

धर्मानंद कोसंबी. 1876 चा जन्म, गोव्यातले सांकवाळ, म्हणजे आमच्या शेजारचेच. बुद्धाच्या ओढीने घर सोडून निघाले, सिलोनात पाली शिकले, ब्रह्मदेशात ध्यानाचा अभ्यास केला. पुढे ध्यानमार्गाचा थोर ग्रंथ 'विसुद्धिमग्ग' याच्या संपादनासाठी हार्वर्डला गेले. मराठीत 'समाधिमार्ग' लिहिला. इतकी श्रद्धा असलेला हा माणूस 'भगवान बुद्ध' लिहायला बसला, तेव्हा म्हातारा, रोगी, प्रेत आणि संन्यासी पाहून सिद्धार्थ घराबाहेर पडला, ही सर्वांची आवडती कथा त्याने बाजूला ठेवली. ती मुळात आधीच्या एका बुद्धाची, विपस्सीची, मागाहून गौतमाला चिकटलेली, असे त्यांनी दाखवले. त्याऐवजी रोहिणी नदीच्या पाण्यावरून शाक्य-कोलियांत होणाऱ्या भांडणांकडे आणि शस्त्र धरणाऱ्या माणसांच्या भयाकडे बोट दाखवले.

त्यांची श्रद्धा याने कमी झाली असे मला कुठेच वाटत नाही. ज्याच्यावर प्रेम आहे त्याच्याविषयी खोटे चालवून घ्यायचे नाही, इतके ते सरळ आहे. मराठीत ध्यानावर बोलणाऱ्या प्रत्येकाने कोसंबी वाचावेत.

*

वेंगुर्ल्याच्या फळ संशोधन केंद्रातून 1981 मध्ये 'रत्ना' आंबा आला, नीलम आणि हापूसच्या संकरातून. नवे झाड चांगले आहे हे ठरवायला शेजारी जुने झाड लागते, तीच माती, तोच पाऊस. ध्यानाचेही तसेच. 2014 मध्ये जॉन्स हॉपकिन्सच्या संशोधकांनी 47 चाचण्या आणि साडेतीन हजारांवर माणसे एकत्र तपासली. चिंता, नैराश्य आणि वेदना यांत ध्यानाने फरक पडतो याचा मध्यम प्रतीचा पुरावा मिळाला, फरक मात्र बेताचा. औषधे किंवा व्यायाम यांच्यापेक्षा ध्यान सरस, असे मात्र दिसले नाही. मी बसतो त्याला हे पुरेसे कारण आहे. चमत्काराची मला गरज नाही.

*

आपल्याकडे 'मित्र उपक्रमा'तून सरकारी शाळांत आनापान, म्हणजे श्वासावरचे ध्यान, आले. ब्रिटनमध्ये आठ हजारांवर मुलांवर शाळेतल्या सजगतेच्या तासांची मोठी चाचणी झाली. 2022 मध्ये निष्कर्ष आला की नेहमीच्या शिकवणीपेक्षा त्याने जास्त काही साधले नाही. पुष्कळ मुलांनी घरी सरावच केला नव्हता. म्हणून इथले तास बंद करा असे मी म्हणणार नाही. मुले शांत बसलेली दिसतात, त्यावरून ती आतून शांत झाली असे कुणी गृहीत धरू नये, त्यांना विचारावे.

*

काहींना बसल्यावर बरे वाटत नाही. झोप उडते, भीती दाटते, जुनी दुखणी अंगावर येतात. त्यांना "आतली घाण बाहेर पडतेय, बसून राहा" असे सांगणे मला फार धोक्याचे वाटते. तिथे थांबायला सांगावे, डॉक्टरांकडे न्यावे. मानसिक आरोग्यासाठी टेलिमानसचा 14416 हा सरकारी क्रमांक आहे, फुकट आहे, मराठीत बोलता येते. शिबिराच्या वेळापत्रकाखाली तो छापलेला असावा.